‘कोणत्या कलमाखाली बोलावता?’ : एका वार्षिक कायदेशीर मदत-सेवेचा अनुभव

लालबागला आमचे मोबाइल दुरुस्तीचे छोटे दुकान आहे. दुरुस्तीबरोबर जुन्या हँडसेटची खरेदी-विक्रीही चालते, आणि जुनी वस्तू विकत घेणाऱ्या कोणाच्याही दारात, मग तो सराफ असो, भंगारवाला असो की गॅरेजवाला, पोलीस कधी ना कधी येतातच, हे वडिलांनी दुकान घातले तेव्हापासून गृहीत धरलेले आहे. त्यामुळे फोनवर वकील मिळवून देणाऱ्या एका वार्षिक सेवेची माहिती शेजारच्या दुकानदाराने दिली तेव्हा मी फारसा विचार न करता वर्गणी भरून टाकली. २,४०० रुपये आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, म्हणजे २,८३२ रुपये. सेवेचे नाव येथे लिहीत नाही, कारण पुढे ज्या अर्जाविषयी सांगणार आहे तो अजून निकाली निघालेला नाही आणि त्या अर्जावर याच सेवेच्या वकिलांची सही आहे. शिवाय अशा सेवा आता बऱ्याच निघाल्या असून सर्वांचे स्वरूप साधारण एकच आहे, त्यामुळे नावावाचून वाचकांचे अडणार नाही.

पैसे भरल्यावर चार दिवसांत कुरियरने एक पाकीट आले. त्यात एका बाजूला मराठी आणि दुसऱ्या बाजूला इंग्रजी मजकूर असलेले, पाकिटात मावेल असे लॅमिनेट केलेले कार्ड होते, ४८ पानांची पुस्तिका होती आणि चोवीस तास चालू असल्याचे सांगितलेला एक फोन क्रमांक होता. वर्षातून चार पत्रे किंवा अर्ज विनामूल्य लिहून मिळतील, मात्र वकील प्रत्यक्ष पोलीस ठाण्यात आले तर प्रत्येक वेळी ४,००० रुपये वेगळे द्यावे लागतील, असे बारीक अक्षरांत छापलेले होते. कार्डावर ठळक अक्षरांत लिहिले होते, ‘गुन्हा केलेला नाही? मग घाबरू नका.’ हे वाक्य लिहिणाऱ्या माणसावर पोलीस ठाण्यातल्या डिटेक्शन रूमच्या, म्हणजे तपास पथकाच्या खोलीच्या, बाहेरच्या बाकावर बसण्याची वेळ कधी आली नसावी, असे मला तेव्हाही वाटले होते.

सेवेची खरी परीक्षा गेल्या ऑगस्टमध्ये, गणपतीच्या तोंडावर झाली. आमच्याकडून जुना हँडसेट घेतलेल्या एका ग्राहकाने त्यात सिमकार्ड घातले आणि तो हँडसेट मूळ मालकाने हरवला म्हणून सीईआयआर या हरवलेले मोबाइल बंद करण्याच्या सरकारी पोर्टलवर ब्लॉक केलेला निघाला. अशा हँडसेटमध्ये नवे सिम सुरू झाले की त्याचा माग पोलिसांकडे जातो. ग्राहकाने आमचे बिल दाखवले आणि पश्चिम उपनगरातल्या एका पोलीस ठाण्यातून वडिलांना फोन आला, ‘उद्या अकराला या, जबाब द्यायचा आहे.’ वडिलांचे वय ६२. हँडसेट ज्याच्याकडून घेतला त्याचे नाव, सही, आधार कार्डाची झेरॉक्स आणि आयएमईआय हा हँडसेटचा ओळख क्रमांक आमच्या रजिस्टरमध्ये नोंदलेले होते. त्यामुळे अर्ध्या तासाचे काम आहे अशा समजुतीने ते रजिस्टर पिशवीत घालून गेले.

पहिल्या दिवशी त्यांना सकाळी अकरापासून संध्याकाळी साडेसातपर्यंत बसवून ठेवले. कोणी काही विचारले नाही. मधून कोणी बाहेर आले की ‘काका, बसा, साहेब राउंडला गेलेत’ एवढेच ऐकायला मिळत होते. दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच बाक. त्या दिवशी मात्र त्यांचा स्वतःचा मोबाइल ‘जरा ठेवा इथे’ म्हणून टेबलावर ठेवून घेतला, त्यामुळे दुपारभर आमचा त्यांच्याशी संपर्क नव्हता. संध्याकाळी एका हवालदाराने बाजूला घेऊन तोडगा सुचवला, की ज्याचा फोन गेला त्याला १८,००० रुपये देऊन टाका आणि मोकळे व्हा, नाहीतर साहेब ४११ लावतील. नव्या भारतीय न्याय संहितेत चोरीचा माल घेण्याच्या गुन्ह्याचे कलम ३१७ आहे आणि त्यातही तो माल चोरीचा आहे हे माहीत असून किंवा तसे मानण्यास कारण असून अप्रामाणिकपणे घेतलेला असावा लागतो. परंतु ४११ हा आकडा धंद्यातल्या प्रत्येकाच्या कानात इतका बसलेला आहे, की धमकी देणारा आणि ऐकणारा दोघेही अजून जुन्याच कायद्यात वावरत असतात.

त्या रात्री १० वाजून ४० मिनिटांनी मी सेवेचा क्रमांक फिरवला. चोवीस तास म्हणजे काय, ते तेव्हा कळले. फोन उचलणारी व्यक्ती वकील नव्हती. तिने तक्रार क्रमांक दिला, वडिलांचे वय विचारले आणि समोरचा मजकूर वाचून दाखवावा तसे सांगितले, की वय ६५ पूर्ण नसल्यामुळे पोलिसांनी बोलावल्यास जावे लागेल, वकील सकाळी संपर्क करतील. कार्ड काढून पाहिले तर त्यावरही तेच होते, ‘कलम १६० : महिला, १५ वर्षांखालील मुले आणि ६५ वर्षांवरील पुरुष यांना पोलीस ठाण्यात बोलावता येत नाही.’ छापील कार्ड आणि फोनवरची व्यक्ती दोघांचे एकमत झाल्यावर शंका घेण्याचे कारण उरले नव्हते. तिसऱ्या दिवशी सकाळी वडील डबा घेऊन निघाले.

वकील मॅडमचा फोन ९ वाजून २० मिनिटांनी आला. सेवेचे पैसे वसूल झाले ते पुढच्या पंचवीस मिनिटांत, आणि सेवेचा सर्वांत मोठा दोषही त्याच पंचवीस मिनिटांत उघडा पडला. त्यांचा पहिला प्रश्न वयाचा होता. ६२ म्हटल्यावर त्यांनी विचारले, ‘मग ते आत्ता कुठे आहेत?’ त्यांनी सांगितले, की १ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली असून जुने कलम १६० आता कलम १७९ आहे आणि त्याच्या परंतुकात, म्हणजे अपवाद सांगणाऱ्या भागात, पुरुषांसाठीची वयोमर्यादा ६५ वरून ६० वर आणलेली आहे. तीव्र आजाराने ग्रस्त असलेल्या व्यक्तीचाही आता त्यात समावेश आहे. म्हणजे वडिलांना राहत्या ठिकाणाखेरीज अन्यत्र हजर राहण्यास सांगण्याचा अधिकारच त्या ठाण्याला नव्हता, आणि पैसे घेऊन हक्क शिकवणाऱ्या सेवेने तो हक्क वर्षभरापूर्वीच्या कायद्याप्रमाणे शिकवून त्यांना घराबाहेर पाठवले होते. मी त्यांना फोन लावला तेव्हा ते परळ-प्रभादेवीच्या पादचारी पुलावर पोहोचले होते. ‘आता निघालोच आहे तर जाऊन येतो’ असे त्यांचे म्हणणे होते. त्यांना परत फिरवायला दोन फोन करावे लागले.

पुढचा भाग मी सविस्तर लिहिते, कारण ज्याच्यावर कोणताही आरोप नाही अशा माणसाला नेमका कोणता कायदा उपयोगी पडतो, हे मला पुस्तिकेपेक्षा त्या संभाषणातून अधिक कळले. मॅडमनी विचारले, ‘बोलावणे कोणत्या कलमाखाली आले आहे?’ मी सांगितले, की फोन आला होता आणि नंतर व्हॉट्सॲपवर ठाण्याचे लोकेशन आले. त्यावर त्यांनी तीन कागद समजावून सांगितले. साक्षीदार म्हणून बोलावायचे असेल तर कलम १७९ चा लेखी आदेश हवा, आणि तोसुद्धा त्या ठाण्याच्या किंवा त्याला लागून असलेल्या ठाण्याच्या हद्दीत असणाऱ्या माणसालाच देता येतो. लालबाग आणि ते उपनगर यांच्या हद्दी कोणत्याही नकाशावर एकमेकींना लागत नाहीत. संशयित म्हणून बोलावायचे असेल तर कलम ३५ च्या पोटकलम ३ ची नोटीस हवी. पूर्वीची ४१-अ म्हणतात ती हीच. या नोटिशीप्रमाणे हजर राहणे बंधनकारक असते, पण जो ती पाळत राहतो त्याला, कारणे लेखी नोंदवल्याखेरीज, अटक करता येत नाही. आणि रजिस्टर किंवा बिलेच हवी असतील तर कलम ९४ खाली ती मागवता येतात. त्यासाठी माणसाला बाकावर बसवण्याची गरज नसते. वडील पहिल्या वर्गात आहेत, दुसऱ्या की तिसऱ्या, हे ठाण्याने ठरवायचे आणि कागदावर लिहून द्यायचे. फोनवरच्या ‘येऊन जा’ला यांपैकी कोणताच आधार नाही. सर्वोच्च न्यायालयाने सतेंदर कुमार अंतिल प्रकरणात जानेवारी २०२५ मध्ये दिलेल्या आदेशानुसार कलम ३५ ची नोटीस व्हॉट्सॲपवर पाठवलेली चालत नाही आणि १७९ खालची नोटीसही, मग ती आरोपीला असो वा इतर कोणाला, कायद्यात सांगितलेल्या पद्धतीनेच बजावावी लागते.

यानंतर त्यांनी जो प्रश्न विचारला तो मला सुचलाच नसता. ‘गुन्हा रजिस्टर क्रमांक काय आहे?’ तो आमच्याकडे नव्हता, कारण कोणी दिलाच नव्हता. कलम १७९ तपासासंबंधीच्या प्रकरणातले असून तपास करणाऱ्या अधिकाऱ्यालाच तो अधिकार आहे. गुन्हाच नोंदलेला नसेल, फोन नुसता हरवला म्हणून नोंद असेल, तर तपासही नाही आणि साक्षीदारही नाही. मुंबईत गर्दीत खिशातून गेलेला मोबाइल बहुतेक वेळा ‘गहाळ’ म्हणूनच नोंदवला जातो, हे आमच्या धंद्यातल्या कोणालाही ठाऊक आहे. पण त्याचा वडिलांच्या बाकाशी असलेला संबंध त्या क्षणापर्यंत मला उमगला नव्हता.

त्याच दिवशी दुपारी मॅडमनी पत्र लिहून ईमेलने पाठवले आणि त्याची छापील प्रत स्पीड पोस्टाने गेली. पत्र पानभराचेही नव्हते. वडिलांचे वय जन्मतारखेसह, घरचा पत्ता, दुकानाचा पत्ता. त्यांना आधीच्या दोन दिवसांत किती वाजल्यापासून किती वाजेपर्यंत ठाण्यात बसवले गेले त्याचा तपशील. ते तपासाला पूर्ण सहकार्य करण्यास तयार असून त्यांचा जबाब निवासस्थानी कोणत्याही दिवशी नोंदवता येईल असे निवेदन. गुन्हा रजिस्टर क्रमांक व तपास अधिकाऱ्याचे नाव कळवण्याची विनंती. आणि त्या दोन दिवसांचे ठाण्यातील सीसीटीव्ही चित्रण जतन करून ठेवावे अशी मागणी. शेवटच्या परिच्छेदात, आवाज न चढवता, न्याय संहितेच्या कलम १९९ चा उल्लेख होता. कायद्याने मनाई असताना तपासासाठी एखाद्याला एखाद्या ठिकाणी हजर राहण्यास जाणीवपूर्वक भाग पाडणाऱ्या लोकसेवकाला या कलमाखाली किमान सहा महिने आणि कमाल दोन वर्षे सक्तमजुरी होऊ शकते. चित्रण जतन करण्याच्या मागणीचा आधार परमवीर सिंग सैनी प्रकरणातील २ डिसेंबर २०२० चा निकाल होता. प्रत्येक पोलीस ठाण्यात कॅमेरे असावेत आणि चित्रण १८ महिने टिकावे, तशी यंत्रणा उपलब्ध नसेल तरी किमान एक वर्ष टिकावे, असे त्यात म्हटले आहे. पत्राची प्रत परिमंडळाच्या पोलीस उपायुक्तांकडे गेली.

चार वाजता मला फोन आला. ‘मॅडम, एवढे पत्रबित्र कशाला? वडिलांना यायला जमत नसेल तर तुम्ही या.’ दुकानाच्या परवान्यावर माझेही नाव आहे. मी कार्डाकडे पाहिले. त्यावरच्या ओळीत वय चुकले असले तरी ‘महिला’ हा शब्द बरोबर होता. मी म्हटले, ‘साहेब, तेच कलम मलाही लागू होते, तुम्ही घरी या, चहा घ्या आणि जबाब घ्या.’ पलीकडे थोडा वेळ शांतता होती. मग ‘बघतो’ म्हणून फोन ठेवला गेला. ओरिसाच्या माजी मुख्यमंत्री नंदिनी सत्पथी यांना पोलीस ठाण्यात बोलावण्यावरून सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली जो निकाल दिला, त्यात महिलेला ठाण्यात हजर राहण्यास भाग पाडणे कायद्याच्या विरुद्ध असल्याचे स्पष्ट म्हटले होते. तो निकाल माझ्या जन्माच्या आधीचा आहे. फोनवर बोलताना माझा हात थरथरत होता हेही लिहून ठेवते, कारण असे वाक्य वाचायला सोपे असते आणि बोलायला तितके सोपे नसते.

सहाव्या दिवशी एक हवालदार घरी आले. चाळीस मिनिटांत दीड पानाचा जबाब झाला, रजिस्टरच्या पानाची साक्षांकित प्रत पोच देऊन नेली गेली. जबाब लिहून झाल्यावर त्यांनी वडिलांना प्रत्येक पानाखाली सही करायला सांगितले. मॅडमनी ही शक्यता आधीच सांगून ठेवली होती. तपासात पोलिसांनी लिहून घेतलेल्या जबाबावर जबाब देणाऱ्याची सही घ्यायची नाही, असे नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १८१ सांगते. वडिलांनी नम्रपणे नकार दिला, हवालदारांनीही ताणून धरले नाही. त्यांनी आणलेल्या कागदावर गुन्हा रजिस्टर क्रमांक होता, कलम ३०३, चोरी. त्याखालची तारीख आम्ही दोघांनी दोनदा वाचली. वडिलांना दोन दिवस बाकावर बसवून झाल्यानंतरची ती तारीख होती. ते बसले होते तेव्हा कोणताही गुन्हा अस्तित्वात नव्हता. या प्रकाराबद्दल उपायुक्तांकडे केलेला, सुरुवातीला उल्लेख केलेला आमचा अर्ज याच तारखेवर आधारलेला आहे.

१८,००० रुपये कोणाला द्यावे लागले नाहीत. ज्याने आमच्याकडून हँडसेट घेतला होता त्याचे ८,२०० रुपये मात्र वडिलांनी स्वतःहून परत केले. तो व्यवहार वेगळा.

आता पुस्तिकेविषयी. ४८ पानांपैकी चाळीसहून अधिक पाने अटकेविषयी आहेत. डी. के. बसू प्रकरणातील १९९६ चे निर्देश, चोवीस तासांत न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर हजर करणे, जामीन, नातेवाइकांना कळवणे. हे सर्व महत्त्वाचे आहे याबद्दल वाद नाही. पण सेवा विकली जाते ती ज्यांच्यावर गुन्हाच नाही अशा लोकांना, आणि त्यांच्या वाट्याला दोन पाने आली आहेत. खरे तर या दोन पानांची दहा पाने करता येतील इतके साहित्य उपलब्ध आहे. जोगिंदर कुमार हा अठ्ठावीस वर्षांचा वकील होता. जानेवारी १९९४ मध्ये गाझियाबादच्या पोलिसांनी त्याला ‘चौकशीसाठी’ बोलावले आणि पाच दिवस सोडले नाही. तो कैदेत नव्हता, मदत करत होता, असे पोलिसांचे म्हणणे होते. त्यावरच्या निकालात, अटकेचा अधिकार असणे वेगळे आणि तो वापरण्याचे समर्थन असणे वेगळे, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. आमच्या वडिलांची गोष्ट याच्याच जवळची आहे. संशयित म्हणून नोंद असलेल्या माणसाच्या घरी रात्री-अपरात्री जाऊन दार वाजवणे घटनाबाह्य ठरवणारा खरकसिंग प्रकरणातील १९६२ चा निकालही पुस्तिकेत हवा होता. आपल्या मुंबई उच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ मध्ये राम इसरानी प्रकरणात, समन्सवर बोलावलेल्या ६४ वर्षांच्या गृहस्थांचा जबाब सक्तवसुली संचालनालयाने रात्रभर जागवून नोंदवल्याबद्दल नापसंती व्यक्त केली आणि झोपेचा हक्क हा मूलभूत मानवी गरजेचा भाग असल्याचे सांगितले. मुंबईत विकल्या जाणाऱ्या पुस्तिकेत एवढे तरी असायला हरकत नव्हती.

पुस्तिकेतील एक वाक्य तर दिशाभूल करणारे आहे. ‘पोलिसांच्या कोणत्याही प्रश्नाचे उत्तर न देण्याचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे.’ नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८० प्रमाणे साक्षीदाराने प्रश्नांची खरी उत्तरे देणे बंधनकारक आहे. सूट आहे ती ज्या उत्तरामुळे स्वतःवर फौजदारी आरोप येऊ शकेल अशा प्रश्नांपुरती. राज्यघटनेच्या अनुच्छेद २० (३) चे संरक्षणही स्वतःविरुद्ध साक्ष देण्याच्या सक्तीपुरते आहे. पुस्तिकेच्या भरवशावर एखादा दुकानदार ‘मी काहीच बोलणार नाही’ म्हणून बसला, तर साक्षीदाराचा संशयित होण्यास वेळ लागणार नाही. तसेच ठाण्यात गेल्याबरोबर मोबाइलवर चित्रण सुरू करावे, असा सल्ला एका चौकटीत दिलेला आहे. पोलीस ठाणे हे शासकीय गुपिते अधिनियमातील ‘प्रतिबंधित स्थळ’ नाही आणि तेथे चित्रण केल्याबद्दल त्या कायद्याखाली गुन्हा होत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२२ मध्ये म्हटले आहे, हे खरे. पण ज्यांचा मोबाइल पहिल्याच मिनिटाला टेबलावर ठेवून घेतला जातो त्यांनी चित्रण कशाने करावे, हे चौकटीत लिहिलेले नाही. त्यापेक्षा गेल्याची आणि निघाल्याची वेळ घरच्यांना मेसेज करून कळवत राहणे मला अधिक व्यवहार्य वाटते. आमच्या पत्रातील तपशील अशा मेसेजांवरूनच भरला गेला.

सेवेची मर्यादा आणखी एका ठिकाणी जाणवली. नियमावलीतल्या एका ओळीत ‘प्रतिबंधक कारवाई वगळून’ असे शब्द आहेत. लालबाग-परळमध्ये राहणाऱ्याला या तीन शब्दांचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही. उत्सव किंवा निवडणूक जवळ आली की मंडळांच्या कार्यकर्त्यांना नोटिसा येतात. लोक अजून ‘१४९ ची नोटीस’ म्हणतात, ती आता कलम १६८ ची असते. कोणाचे नाव जुन्या भांडणात आलेले असेल तर ‘चॅप्टर’ लागतो, म्हणजे शांतता राखण्याचे हमीपत्र का घेऊ नये याची कारणे दाखवण्यासाठी सहायक पोलीस आयुक्तांपुढे, विशेष कार्यकारी दंडाधिकारी या नात्याने चालणाऱ्या कामकाजात, तारखांवर उभे राहावे लागते. यातला मनुष्य कोणत्याही गुन्ह्यातला आरोपी असतोच असे नाही, आणि म्हणूनच आरोपी नसलेल्यांसाठी असलेल्या सेवेत नेमके हेच वगळलेले असावे, हे मला पटले नाही. मॅडमना विचारले तेव्हा त्यांनी मोकळेपणाने सांगितले, की चॅप्टरच्या तारखा महिनोन्‌महिने चालतात आणि २,४०० रुपयांत ते परवडत नाही. उत्तर प्रामाणिक होते, पण ते पावतीच्या मागच्या बाजूला न राहता पुढच्या बाजूला छापायला हवे होते.

पैसे भरण्यापूर्वी एक गोष्ट मी पाहायला हवी होती आणि पाहिली नाही. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे महिलांना, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्तींना, अपंगांना, औद्योगिक कामगारांना आणि कोठडीत असलेल्यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा ३ लाख रुपये आहे. म्हणजे त्या दिवशी चार वाजता ठाण्यातून मला फोन आला तेव्हा मी स्वतः मोफत वकिलाला पात्र होते. राष्ट्रीय प्राधिकरणाचा १५१०० हा क्रमांक आहे, राज्य प्राधिकरणाचे कार्यालय फोर्टमध्ये उच्च न्यायालयाच्या पीडब्ल्यूडी इमारतीत आहे, आणि अटकेपूर्वी पोलीस ठाण्यात बोलावलेल्या व्यक्तीलाही वकिलाची मदत मिळावी यासाठी २०१९ पासून स्वतंत्र योजना आहे. आमच्या सेवेच्या पुस्तिकेत यातला एकही शब्द नाही. दुकानदाराने समोरच्या दुकानाचा पत्ता सांगू नये हे मी समजू शकते. पण राज्य मानवी हक्क आयोगाकडे घटनेपासून वर्षाच्या आत तक्रार करता येते आणि पोलीस सुधारणांविषयीच्या सर्वोच्च न्यायालयाच्या प्रकाश सिंग निकालानंतर पोलिसांविरुद्धच्या तक्रारींसाठी राज्यात स्वतंत्र प्राधिकरण स्थापन झालेले आहे, एवढे सांगायला कोणाचा धंदा बुडत नव्हता.

मग ही सेवा घ्यावी की नाही? ज्यांच्या व्यवसायात जुना माल येतो आणि ज्यांना कागद लिहून देणारे हाताशी कोणी नाही, त्यांना वर्षाला चार पत्रे या दराने ती महाग नाही. आमचे एक पत्रच २,८३२ रुपयांचे होते असे मी मानते. रात्री वकील मिळेल या आशेने मात्र कोणी पैसे भरू नयेत. आणि नोकरदार कुटुंबाला, ज्यांच्याकडे पोलीस पासपोर्टच्या पडताळणीपुरतेच येतात, त्यांना तिची गरज दिसत नाही. वकिलांनी जाहिरात करू नये असा बार कौन्सिलचा नियम असून वकिलांच्या सेवा ऑनलाइन विकणाऱ्या संस्थांवर कारवाई करण्याचे निर्देश मद्रास उच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये दिले होते. त्यामुळे आज मिळणारी सेवा पुढच्या वर्षी याच स्वरूपात राहील की नाही, याचाही विचार तीन वर्षांची वर्गणी एकदम भरणाऱ्यांनी करावा. सवलत त्याच वर्गणीवर जास्त आहे.

कार्डावरील चुकीबद्दल मी लेखी तक्रार केली होती. पैसे परत करण्यास त्यांनी नकार दिला, पण सहा आठवड्यांनी दिलगिरीच्या पत्रासह नवे कार्ड आले. मराठी बाजूला कलम १७९ आणि वय ६० असे बरोबर छापले आहे. इंग्रजी बाजूला कलम १७९ आहे आणि वय अजून ६५ आहे. वडिलांनी तो आकडा बारीक मार्करने खोडून वर ६० लिहिले आणि कार्ड गल्ल्याच्या काचेखाली, मराठी बाजू वर करून, ठेवून दिले.